लेण्यांवर जमीन लिहिलेली आहे



नाशिकहून सकाळी देवदर्शनाच्या गाड्या सुटतात. पंचवटी, काळाराम, मग पांडवलेणी, दुपारनंतर त्र्यंबकेश्वर आणि दिवेलागणीला परत. एका दिवसात हिंदूंची देवळंही होतात आणि बौद्धांची लेणीही. माहिती सांगायला सोबत गाईड असतो. पेठ, हरसूल, सुरगाण्याकडची आपली माणसं या गाडीत बसत नाहीत. तिकीट दिवसाच्या मजुरीपेक्षा जास्त. आणि आपण नाशिकला जातो ते द्राक्षाच्या छाटणीला, नाहीतर बांधकामावर, नाहीतर कोर्टाच्या तारखेला.

माझं म्हणणं असं आहे की संघटनेच्या पोरापोरींनी एकदा तरी या गाडीत बसावं. पुण्यासाठी बसायचं तर ज्याची त्याची मर्जी. मी सांगते आहे ते वनहक्काच्या दाव्यांसाठी. त्या गाडीतून जे दाखवतात आणि जे दाखवत नाहीत, त्या दोन्हींत जमिनीची गोष्ट आहे. ती आपण समजून घेतली तर आपल्या गावांचे सामूहिक दावे जास्त पक्के होतील.

गेल्या हिवाळ्यात आम्ही पाच जण वर्गणी काढून गेलो. तीन पोरं, दोन पोरी. त्यावरून माझं जे मत झालं ते मांडते.

काळाराम: कुणासाठी दरवाजा बंद होता

काळाराम मंदिरात गाईडनं देऊळ कुणी बांधलं, दगड कुठला, मूर्ती कशी, हे सगळं सांगितलं. 2 मार्च 1930 ला याच देवळाच्या दारात काय सुरू झालं ते सांगितलं नाही. त्या दिवशी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली हजारो माणसं मंदिरात जायचा हक्क मागायला जमली होती. सत्याग्रह पाच वर्षं चालला. दरवाजा उघडला नाही. शेवटी 1935 साली याच जिल्ह्यात येवल्याला बाबासाहेबांनी जाहीर केलं की मी हिंदू म्हणून मरणार नाही.

त्या सत्याग्रहात पुढं होते दादासाहेब गायकवाड, दिंडोरी तालुक्यातल्या आंबे गावचे. आपल्या शेजारचेच म्हणायचे. पुढं त्यांनीच भूमिहीनांचा सत्याग्रह उभा केला, 1959 ला आणि परत 1964-65 ला. पडीक सरकारी जमीन कसणाऱ्याच्या नावावर करा, ही मागणी. देवळाच्या दारातून सुरू झालेला माणूस जमिनीच्या प्रश्नावर येऊन पोचला, हे आपल्या पोरांना माहीत पाहिजे. देवाच्या दारात कोण उभं राहू शकतं आणि जमिनीवर कोण उभं राहू शकतं, हे दोन प्रश्न एकमेकांना लागून आहेत.

लेण्यातला सातबारा

पांडवलेणी नाशिकपासून जवळच, मुंबईच्या रस्त्याला आहेत. नाव पांडवांचं पडलंय, पण लेणी बौद्ध भिक्खूंची. एकूण 24. जुनं नाव त्रिरश्मी. गाईडनं आम्हाला तिथं वीस मिनिटं दिली. तीन नंबरच्या लेण्यात सगळ्यांचे फोटो झाले. भिंतीवर ओळीच्या ओळी अक्षरं कोरलेली आहेत. कुणीतरी विचारलं, हे काय लिहिलंय? गाईड म्हणाला, जुनी भाषा आहे, दान दिलं असं लिहिलंय. आणि शिट्टी मारून सगळ्यांना खाली बोलावलं.

दान दिलं, एवढं बरोबर. पण काय दान दिलं? बऱ्याच ठिकाणी जमीन दिली आहे. साथींनो, ही भिंत म्हणजे दगडावरचा सातबारा आहे.

हे मी मनानं सांगत नाही. 1883 साली सरकारनं छापलेल्या नाशिक जिल्ह्याच्या गॅझेटियरमध्ये या लेखांचं पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी केलेलं वाचन आहे. त्यांच्यानंतर इतर अभ्यासकांनीही ते वाचलं. अक्षर ब्राह्मी, भाषा प्राकृत. त्यातल्या चार गोष्टी आपल्या कामाच्या आहेत.

पहिली गोष्ट. गौतमीपुत्र सातकर्णी हा सातवाहन राजा. सुमारे एकोणीसशे वर्षांपूर्वीचा. त्याच्या राज्याच्या 18 व्या वर्षी त्यानं गोवर्धनच्या अधिकाऱ्याला हुकूम पाठवला. गोवर्धन म्हणजे नाशिकजवळचं तेव्हाचं मोठं ठाणं. हुकूम असा, की काखडी गावातलं शेत, जे आधी ऋषभदत्ताच्या ताब्यात होतं, ते 200 निवर्तनं, त्रिरश्मी डोंगरावरच्या भिक्खूंना दिलं आहे. निवर्तन हे जमिनीचं तेव्हाचं माप. म्हणजे बघा, गाव कोणतं, क्षेत्र किती, आधी कुणाच्या ताब्यात, आता कुणाच्या, हुकूम कुणाचा, अंमलबजावणी कुणी करायची, साल कोणतं, सगळं आलं. हुकूम तोंडी दिला आणि अमात्य शिवगुप्तानं लिहून घेतला, हे सुद्धा लिहिलंय.

दुसरी गोष्ट. त्याच हुकुमात पुढं अटी आहेत. या शेतात सरकारी माणसांनी शिरायचं नाही. हात लावायचा नाही. मिठासाठी खणायचं नाही. तिथल्या बंदोबस्ताच्या माणसांनी त्रास द्यायचा नाही. परत एकदा वाचा. सरकारी माणसानं शेतात शिरायचं नाही, असा हक्क राजानं लिहून दिला होता, पण तो भिक्खूंच्या संघाला. कसणाऱ्याला असा हक्क दिल्याचं त्या लेखात कुठं नाही. आणि आज आपल्या नागलीच्या शेतात गार्ड कधी शिरेल, औत कधी उचलून नेईल, बैल कधी बांधून ठेवेल, याचा नेम नाही. एकोणीसशे वर्षांपूर्वी राजाला कळत होतं की जमीन दिली म्हणजे शिपायाला बांधाबाहेर ठेवावं लागतं. नाहीतर देण्याला अर्थ नाही.

तिसरी गोष्ट सगळ्यात महत्त्वाची, आणि ती गाईडला माहीतही नसेल. सहा वर्षांनी, 24 व्या वर्षी, त्याच राजानं आईसोबत दुसरा हुकूम काढला. त्यात म्हटलंय, आधी दिलेलं काखडीचं शेत कसलं जात नाही, आणि ते गाव वसलेलं नाही. म्हणून आता नगराच्या हद्दीवरच्या राजाच्या जमिनीतली 100 निवर्तनं भिक्खूंना देत आहोत.

गाव का उठलं, माणसं कुठं गेली, दगडावर लिहिलेलं नाही. पण एवढं स्पष्ट आहे की कसणारा निघून गेल्यावर राजाचं दान कोरडं पडलं. हुकूम होता, अधिकारी होता, भिक्खू होते, शेत होतं. नांगर धरणारा नव्हता. म्हणून राजाला दुसरी जमीन शोधावी लागली. जमिनीला किंमत येते ती कसणाऱ्यामुळं, हे आपण मोर्च्यात ओरडून सांगतो. राजानं ते न ओरडता दगडात कोरून ठेवलंय.

चौथी गोष्ट. पुढच्या पुळुमावी राजाच्या 22 व्या वर्षी एका गावाच्या बदल्यात दुसरं गाव भिक्खूंना दिलं. सुदसण गाव काढून सामलिपद गाव दिलं. गावच्या गाव बदललं. त्या गावातल्या माणसांना कुणी विचारलं का? त्यांचं नाव भिंतीवर नाही. धरणात, अभयारण्यात गाव जातं तेव्हा आपण जे विचारतो, तेच मी तिथं उभी राहून विचारत होते.

मी भिक्खूंच्या विरुद्ध बोलत नाही. बुद्धाचा विचार समतेचा आहे आणि ती लेणी आपल्या बौद्ध बांधवांची श्रद्धास्थानं आहेत. त्या लेण्यांत साध्या माणसांचीही नावं आहेत. एक लेणं मुगुदास नावाच्या माणसानं आपल्या कुटुंबासह दिलं, आणि तो मासेमार होता असं अभ्यासक सांगतात. मोठ्या चैत्याच्या दारावरचं काम धंबिक गावच्या लोकांनी मिळून दिलं. अख्ख्या गावाची वर्गणी! म्हणजे साध्या माणसांना सुद्धा कळत होतं की आपलं नाव कोरून ठेवलं पाहिजे. त्यांनी नाव कोरलं म्हणून एकोणीसशे वर्षांनी आपण त्यांचं नाव घेतो.

दहा नंबरच्या लेण्यात त्या ऋषभदत्ताचाही लेख आहे. त्यानं भिक्खूंच्या जेवणासाठी एका ब्राह्मणाकडून 4000 कार्षापणांना शेत विकत घेतलं. विकणाऱ्याचं नाव अश्विभूती, बापाचं शेत, नगराच्या वायव्येला, सगळं कोरलेलं. त्यानं ज्या नद्यांवर फुकट नावा ठेवल्या त्यांत दाहनुका नदी पण आहे, म्हणजे आपल्या डहाणूकडची. आपला मुलूख तेव्हाही होता. आपली माणसंही असणार. पण लिहिणाऱ्यांत आपण नव्हतो.

त्र्यंबक: नदी इथं उगवते, हंडा दोन कोस जातो

त्र्यंबकला गाईड ब्रह्मगिरीकडं हात करून म्हणाला, ही दक्षिणगंगा, इथं गोदावरी उगम पावते. देऊळ पेशव्यांनी बांधलं. कुशावर्तात आंघोळ करा. सगळं खरं. आपलीही माणसं श्रावणात ब्रह्मगिरीचा फेरा करतात, पौषात निवृत्तिनाथांच्या यात्रेला जातात. त्यात वाईट काही नाही.

पण त्याच डोंगराच्या पाठीमागच्या पाड्यांवर चैत्र-वैशाखात बाया विहिरीच्या तळाशी उतरून वाटीनं पाणी भरतात. पावसाळ्यात धो धो पडलेलं पाणी खाली वाहून जातं. गाईडच्या माहितीत हे नाही. 1857 च्या डिसेंबरात भिल्ल आणि ठाकरांनी त्र्यंबकच्या खजिन्यावर हल्ला केला होता, हे पण नाही. गाडीतल्या माणसाला डोंगर दिसतो, देव दिसतो. डोंगरात राहणारा दिसत नाही. फार तर रस्त्याच्या कडेला करवंदं विकताना दिसतो.

आणि आता डोंगराला भाव आलाय. दर बारा वर्षांनी सिंहस्थ येतो, रस्ते रुंद होतात, रस्त्याकडेच्या शेतात दलाल फिरायला लागतात. आश्रम, हॉटेल, गाड्या लावायची जागा, सगळ्यांना जमीन पाहिजे. म्हणून इथंच सांगून ठेवते. महाराष्ट्र जमीन महसूल कायद्याच्या कलम 36 आणि 36-अ प्रमाणं आदिवासीची जमीन बिगर आदिवासीला परवानगीशिवाय घेता येत नाही. वनहक्कात मिळालेली जमीन तर विकताच येत नाही, फक्त वारसाला जाते. आणि वनहक्क कायद्यात जंगलाची जमीन गावाच्या सोयीसाठी वळवायला 13 कामं दिली आहेत. शाळा, दवाखाना, अंगणवाडी, पाण्याची टाकी, रस्ता अशी. त्यालाही ग्रामसभेची शिफारस लागते. त्या 13 कामांत हॉटेल नाही. कुणी सांगायला आलं की देवाचं काम आहे, अंगठा द्या, तर त्याला ही यादी दाखवा.

आपले देव गाडीच्या रस्त्यावर नाहीत

आता मुद्द्याची गोष्ट.

दिवसभर त्या गाडीत पवित्र जागा म्हणून जे काही दाखवलं, त्याला शिखर होतं, नाहीतर पायऱ्या, नाहीतर कोरलेलं दार. आपल्या देवाला यातलं काही नाही. वाघदेव शिवेवर उभा आहे, लाकडाच्या पाटीवर वाघ, सूर्य, चंद्र कोरलेले. वाघबारसेला गुराखी तिथं नैवेद्य करतात. डोंगऱ्या देवाच्या माऊल्या मार्गशीर्षात पावरीवर नाचत पाड्यापाड्यानं फिरतात आणि पुनवेच्या रात्री गडाला जातात. तो गड म्हणजे डोंगरच. गावदेव झाडाखाली, पाण्याची देवता झऱ्यावर, पूर्वज मसणवटीतल्या दगडांत. यातली बरीच ठिकाणं आज राखीव जंगलात आहेत. वनखात्याच्या नकाशावर त्या जागेवर कंपार्टमेंट नंबर आहे. देवाचं नाव नाही.

म्हणून साहेब विचारतो, तुमचा जंगलाशी संबंध काय, पुरावा दाखवा. आमच्या शेजारच्या गावचा सामूहिक दावा असाच पुरावा अपुरा म्हणून परत आला. गाव पिढ्यान्‌पिढ्या तिथं आहे. पण फाईलीत काय होतं? एक अर्ज, एक ठराव, रेशनकार्डांच्या झेरॉक्स. वाघदेव फाईलीत नव्हता, झरा नव्हता, मसणवट नव्हती.

आता वनहक्क कायदा 2006 आणि त्याचे 2008 चे नियम बघा. नियम 13 मध्ये कोणते पुरावे चालतात ते दिलंय. सामूहिक हक्कासाठी गुरचरण, कंदमुळं-फळं गोळा करायच्या जागा, मासेमारीच्या जागा, माणसांच्या आणि गुरांच्या पाण्याच्या जागा, औषधी झाडपाल्याच्या जागा. त्याच यादीत पवित्र झाडं, देवराया, तळी, नदीकाठ, दफनाच्या आणि दहनाच्या जागा. गावानं बांधलेल्या जुन्या बांधकामाचे अवशेष. वैयक्तिक दाव्यासाठी सुद्धा जुन्या विहिरी, दफनभूमी, पवित्र स्थळं पुरावा म्हणून चालतात. दावा करणाऱ्याला सोडून गावातल्या दुसऱ्या म्हाताऱ्या माणसांचा जबाब लिहून घेतला तर तोही पुरावा. गॅझेटियरही पुरावा, तेच सरकारी गॅझेटियर ज्यात लेण्यांचे लेख आहेत. नियम सांगतो की एकापेक्षा जास्त पुरावे विचारात घ्यायचे.

म्हणजे ज्या देवांना गाडी थांबत नाही, ते देव कायद्यात आहेत. आपण त्यांना फाईलीत आणलं नाही एवढंच.

म्हाताऱ्या माणसांची भीती

मी हे आमच्या पाड्यावर बोलले तेव्हा दोन म्हातारे बोवा रागावले. म्हणाले, देवाची जागा कागदावर लिहायची नसते. लिहिली की लोक येतील, प्रसाद विकतील, प्लास्टिक टाकतील.

ही भीती खोटी नाही. कितीतरी ठिकाणी असं झालंय. उघड्यावरच्या आपल्या देवावर कुणीतरी सिमेंटचं छप्पर घालतो, मग संगमरवरी मूर्ती येते, मग ट्रस्टची पाटी लागते, मग दानपेटीला कुलूप. आणि आपलाच भगत बाहेर बसतो. दुसरीकडं वनखातं त्याच जागेला पर्यटन केंद्र करतं, तारेचं कुंपण घालतं आणि आत जायला आपल्यालाच पावती फाडावी लागते.

तरी माझं मत लिहावं असंच आहे. कारण न लिहिल्यानं जागा वाचलेली नाही. कुंपण घालणाऱ्याला ती मोकळी जागा म्हणूनच दिसते. पण काय लिहायचं हे ग्रामसभेनं ठरवावं. जागा लिहावी, विधी लिहू नये. कुठं आहे, कोणत्या नाल्याच्या वर, कोणते पाडे तिथं जातात, कोणत्या महिन्यात, किती पिढ्या. बास. तिथं काय म्हणतात, काय करतात, ते भगतापाशी राहू दे. साहेबाला त्याची गरज नाही आणि कायद्यालाही नाही. आणि त्याच ठरावात लिहायचं की ही जागा ग्रामसभेच्या ताब्यात राहील, तिथं बांधकाम होणार नाही, तिकीट लागणार नाही. कायद्याच्या कलम 5 मध्ये आपल्या सांस्कृतिक आणि नैसर्गिक वारशाला धक्का लागू न देण्याचा अधिकार ग्रामसभेला दिलेला आहे. तो वापरायचा.

काही पोरं म्हणतात, पर्यटन आलं तर रोजगार येईल, आपणच गाईड होऊ. होऊ या की! पण आधी जमीन आणि जंगल ग्रामसभेच्या नावावर. मग कुणाला आणायचं, कुठपर्यंत आणायचं, हे आपण ठरवू. हक्काआधी गाडी आली तर आपल्या वाट्याला करवंदाची पाटीच येणार.

आता काय करायचं

प्रत्येक पाड्यानं एक दिवस काढावा. मी त्याला आपली यात्रा म्हणते. सकाळी निघायचं. पुढं दोन म्हातारी माणसं, एक बाई आणि एक बुवा. बाई पाहिजेच, कारण झरे, कंद, भाजीच्या जागा बायांना जास्त माहीत असतात. सोबत वन हक्क समितीचे सदस्य आणि लिहिणारी पोरं. प्रत्येक ठिकाणी थांबायचं. म्हातारी माणसं सांगतील ते त्यांच्याच शब्दांत लिहायचं. चार गोष्टी नक्की लिहायच्या: जागेचं नाव, हद्दीच्या खुणा, कोण वापरतं, कधीपासून. कच्चा नकाशा काढायचा. संध्याकाळी सगळं मोठ्यानं वाचून दाखवायचं, चूक असेल तर तिथंच दुरुस्त करायची, मग सह्या-अंगठे. जबाब वेगळ्या कागदावर, दावेदार सोडून इतरांचे. नंतर समितीनं वनखात्याला कळवून रीतसर पाहणी करायची आणि ग्रामसभेत ठराव घ्यायचा. प्रत्येक कागदाची पोच घ्यायची. पोच नाही तर कागद दिला नाही असं समजा.

ज्या गावाचा दावा पुरावा अपुरा म्हणून परत आलाय त्यानं गप्प बसू नये. परत पाठवायचं कारण लेखी मागा, ही यादी जोडा आणि पुन्हा सादर करा.

काखडी गावाचं काय झालं ते त्या भिंतीवर दोन ओळींत आहे: शेत कसलं जात नाही, गाव वसलेलं नाही. आपल्या पाड्यांबद्दल असं लिहायची वेळ कुणावर येऊ नये. आपण वसलेले आहोत, आपण कसतो आहोत, आणि हे लिहायचं काम आता आपलं आहे.

पुढच्या महिन्याच्या बैठकीला येताना प्रत्येक पाड्यानं आपल्या जागांची यादी घेऊन यावं. अर्धी झाली असली तरी चालेल.

जंगल आमचं, जमीन आमची, लिहिणार पण आम्हीच!
जिंदाबाद!